दोन नंबर बराकीचा मुकादम

हॅनरहानचा मळा
१४ मार्च १९०९

प्रिय अर्झुलाताई,

मी जिवंत आहे, दोन वेळ जेवतो आणि अजून माझं नाव मला लिहिता येतं, एवढं आधी कळवतो. अक्षर वाकडं दिसेल. नांगराच्या साखळीत उजव्या हाताची बोटं सापडली, म्हणून डाव्या हाताने लिहितोय. काळजी करण्यासारखं नाही. पत्र आधी मळ्यावरचे कॅप्टनसाहेब वाचतात, मग त्यावर शिक्का बसतो, तेव्हा साहेबांनाही माझा सलाम.

उसाची लागवड चालू आहे. बराक लाकडाची, लांबलचक. आम्ही सत्तेचाळीस कैदी एका छपराखाली झोपतो. आमच्यातलाच एक मुकादम आमच्यावर देखरेख करतो. डॉक पेरिन नाव. जन्मठेपेचा कैदी आहे. शिस्तीचा माणूस आहे.

जेवायला मक्याची भाकरी, डुकराची चरबी आणि काकवी. जमलं तर जुने बूट पाठव. माझे फाटले.

तुझा भाऊ,
सीफस रेनी


गॅल्व्हेस्टन
२८ मार्च १९०९

प्रिय सीफस,

बूट पाठवलेत. आपल्या चर्चमधल्या रेव्हरंड स्टोक्सचे आहेत, त्यामुळे ते घालून तरी नीट वाग. दर महिन्याच्या पहिल्या रविवारी मळ्यावर उपासना घ्यायची परवानगी त्यांनी मिळवली आहे. भेटतीलच तुला. त्यांच्यासमोर झोपू नकोस. त्यांचं प्रवचन लांबतं हे मलाही ठाऊक आहे.

फाटले म्हणतोस, पण गेल्या वर्षी मी दिलेले बूट इतक्यात फाटायचे नव्हते. आणि साखळीत बोटं सापडायला तू काय काल नांगर धरलास? आठव्या वर्षापासून धरतोयस. लक्ष कुठे असतं तुझं?

माझं तेच चाललंय. हॉटेलच्या चादरी, हॉटेलचे टेबलक्लॉथ, कोळशाच्या इस्त्र्या. परवा आईच्या थडग्यावर जाऊन आले. तिच्यासाठी डॉक्टर आणायला तू न विचारता मालकाचं खेचर नेलंस, दुसऱ्या दिवशी जागच्या जागी बांधलंस, आणि त्याची चार वर्षांची शिक्षा झाली. हे कॅप्टनसाहेब वाचणार असतील तर वाचू देत. कोर्टात मी हेच बोलले होते.

मान वर ठेव. अडीच वर्षं उरलीत.

तुझी ताई,
अर्झुला


हॅनरहानचा मळा
२० जून १९०९

प्रिय ताई,

एक बातमी आहे. पेरिनला एक नंबर बराकीत नेलं आणि दोन नंबरची मुकादमी मला दिली. आता मी कुदळ धरत नाही. शेतात माणसांमागून चालतो आणि मोजणी करतो. ताटात मांस असतं. झोपायला दाराजवळची जागा मिळाली, तिथे वारा लागतो.

तुला बरं वाटेल म्हणून लिहिलं. याबद्दल जास्त लिहिण्यासारखं काही नाही.

सीफस


गॅल्व्हेस्टन
२ जुलै १९०९

माझ्या शहाण्या भावा,

तुझं पत्र मी तीनदा वाचलं आणि मग चर्चमध्ये उभी राहून वाचून दाखवलं. रेव्हरंडनी सगळ्यांसमोर कौतुक केलं. म्हणाले, तुरुंगातसुद्धा चांगला माणूस वर येतो. शेजारची लुव्हिनिया, जी तुझ्या शिक्षेनंतर माझ्याशी बोलायची बंद झाली होती, ती स्वतःहून हात मिळवायला आली. मी मिळवला, पण जरा थांबवून.

तुला वाचायला शिकवताना मी तुझे कान किती ओढले होते. त्याचं चीज झालं. माणसांशी दयेने वाग. तू वागशीलच. सोबत बिस्किटं पाठवतेय, जायफळ घातलेली, तुला आवडतात तशी. एकट्याने खाऊ नकोस.

तुझी अभिमानी ताई


गॅल्व्हेस्टन
२ ऑक्टोबर १९०९

सीफस,

हे पत्र रेव्हरंड स्टोक्स टोपीच्या अस्तरात घालून आणतील. कॅप्टनला दिसणार नाही, तेव्हा मी मोकळेपणी लिहिते, आणि तूही खरं तेच लिहायचंस. उत्तर त्यांच्याकडेच दे.

गेल्या रविवारी रेव्हरंडनी एका माणसाला माझ्याकडे जेवायला पाठवलं. नुकताच सुटलेला, जायला घर नाही. प्लेस व्हिटलो. बोलताना त्याचं तोंड एका बाजूला ओढलं जातं. मी कोंबडी केली होती. त्याने कोंबडीला हात लावला नाही, भाकरी कॉफीत भिजवून खात राहिला. मला वाटलं, दात नसतील.

मी विचारलं, कुठल्या मळ्यावर होतात? म्हणाला, हॅनरहानच्या. मला काय आनंद झाला म्हणून सांगू. मी म्हटलं, माझा भाऊही तिथेच आहे, आता तर तो मुकादम झालाय.

त्याने भाकरी खाली ठेवली. नाव विचारलं. मी सांगितलं. मग म्हणाला, "बाई, तुमचा भाऊ कुठल्या हाताने मारतो ठाऊक आहे? डाव्या. उजव्या हाताची बोटं पेरिनने मोडली त्याची."

आणि तोंडाला हात लावून म्हणाला, "हे त्या डाव्या हाताचं काम."

मी त्याला खोटारडा म्हटलं, सीफस. माझ्या घरात, माझ्या टेबलाशी बसलेल्या माणसाला. तो रागावला नाही. उठला, खुर्ची जागेवर सरकवली आणि जेवणाबद्दल आभार मानून गेला. खोटं बोलणारा माणूस असा जात नाही. ते मला त्याच क्षणी कळलं होतं.

मी तुझं पत्र चर्चमध्ये वाचून दाखवलं होतं. तू काय केलंस ते मला सांग.

अर्झुला


हॅनरहानचा मळा
७ नोव्हेंबर १९०९

ताई,

प्लेस खरं बोलला.

पहिल्यापासून सांगतो. इथे बराकीला बाहेरून कुलूप लावून शिपाई निघून जातात. आत काय होतं ते बघायला कोणी येत नाही. आत मुकादमाचं राज्य असतं. पेरिनकडे गाडीच्या चाकाच्या आऱ्याचा सोटा होता आणि कमरेला सुरी होती. दोन्ही कॅप्टनने दिलेली. कोणी किती ऊस तोडायचा ते कॅप्टन ठरवी, आणि तेवढा तुटला नाही तर पेरिन त्या माणसाला बघून घेई. त्याच्या बदल्यात बराकीत त्याला वाटेल ते करायची मुभा होती. तो आमच्या ताटातलं मांस उचली. बूट आवडले तर काढून घेई. नवीन आलेल्यांना तो कसं वागवी ते बहिणीला लिहिता येत नाही. तुझे बूट फाटले नव्हते. त्याने मागितले, मी नाही म्हटलं, तर त्याने माझा हात नांगराच्या दांडीवर ठेवून एकेक बोट मोडलं. चाळीसच्या वर माणसं बघत होती. मीही यापूर्वी तसाच बघत उभा राहिलो होतो. होझिया ग्राइम्स नावाच्या माणसाला त्याने मारून टाकलं, तेव्हा. वहीत लिहिलं, ऊन लागून मेला.

जूनमध्ये कॅप्टनने मला बोलावलं. म्हणाला, "रेनी, तुला लिहिता-वाचता येतं, अंगानेही दणकट आहेस. सोटा घेतोस, की पेरिनबरोबर एक नंबरला जातोस?"

मी सोटा घेतला.

आपण चांगले मुकादम होऊ असं मला खरंच वाटलं होतं. दोन महिने मी कोणाच्या ताटाला हात लावला नाही. तुझी बिस्किटं सगळ्यांना वाटली. ऑगस्टमध्ये प्लेस सरीत खाली बसला. तापाने फणफणला होता. कॅप्टन घोड्यावरून म्हणाला, उठव त्याला. मी हात धरून उठवायला गेलो. कॅप्टन म्हणाला, "हाताने नाही." मी खांद्यावर मारलं. तो उठला नाही. मी पुन्हा मारलं. तिसरा सोटा जबड्यावर बसला. हाड मोडल्याचा आवाज आला. तो मी ऐकला, ताई, आणि तरी सोटा माझ्या हातातच राहिला.

त्या दिवसापासून बराकीत माझ्याशी कोणी बोलत नाही. टोब लॅसिटर म्हणून एक म्हातारा आहे, मला उसाची पात कशी टाळायची ते त्यानेच शिकवलं होतं. मी जवळ गेलो की तो तोंड फिरवतो. माझ्या ताटात आता न मागता मांस येतं. मी ते खातो. हेही तुला सांगायला हवं.

सोटा परत करावा असं रोज वाटतं. केला तर पेरिन मला ठेवणार नाही. मी भित्रा आहे. तू चर्चमध्ये ज्याच्याबद्दल सांगितलंस तो माणूस इथे नाही.

सीफस


गॅल्व्हेस्टन
४ डिसेंबर १९०९

सीफस,

मी प्लेसला शोधून काढलं. बंदरावर कापसाचे गठ्ठे उचलतो. आधी त्याची माफी मागितली, मग तुझं पत्र वाचून दाखवलं. तुला विचारलं नाही. विचारणारही नव्हते.

तो गठ्ठ्यावर बसून ऐकत होता. जबड्याचं आलं तिथे मला थांबवून म्हणाला, तेवढं परत वाचा. मी वाचलं. तो म्हणाला, "तीन नाही. चार. पडल्यावर आणखी एक मारला. कोणाला सांगायची वेळ आली तर बरोबर मोजून सांग म्हणावं त्याला."

मी तुला माफ करावं असं तू लिहिलं नाहीस, ते बरं केलंस. ते माझ्या हातात नाही. पण तू भित्रा आहेस हे मी मान्य करत नाही. चार मैल खेचर पळवताना तुला ठाऊक होतं की पकडला गेलास तर काय होईल.

आता नीट वाच. विधिमंडळाने कैद्यांच्या मळ्यांची चौकशी करायला समिती नेमली आहे. रेव्हरंड, प्लेस आणि मी राजधानीला गेलो. कारकुनाने आत सोडलं नाही. आम्ही पायऱ्यांवर बसलो. दुसऱ्या दिवशी बसलो, तिसऱ्या दिवशीही बसलो. मी बरोबर विणकाम नेलं होतं. शेवटी समितीतले एक म्हातारे वकील, प्रुइट नावाचे, जाता-येता आम्हाला बघून कंटाळले आणि त्यांनी आत बोलावलं. प्लेसचं सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाले, "सुटलेल्या कैद्याच्या मनात राग असतो, असं मळेवाले म्हणणार आणि समिती ते मानणार. आतला माणूस हवा. त्यातही ज्याने मार खाल्ला तो नाही. ज्याने मारलं तो."

मी म्हटलं, तो माझ्या घरातला आहे.

तोंडातून शब्द गेले आणि मग त्यांचा अर्थ मला कळला. परत येताना गाडीत मी विणलेलं सगळं उसवलं. मी तुला अशी गोष्ट करायला सांगतेय जिच्यापायी तुझा जीव जाऊ शकतो. आईच्या जागी मी आहे आणि आई हे सांगती की नाही, मला कळत नाही. प्रुइटनी शब्द दिलाय की बोलणाऱ्याला ते त्याच दिवशी मळ्यावरून घेऊन जातील. गोऱ्या वकिलाचा शब्द आहे, तो किती धरायचा ते तू ठरव.

ते जानेवारीत येतील, आधी न कळवता. मी हुकूम करत नाही. मला हुकूम करता येत नाही असं नव्हे, ते तुझ्या कानांना विचार. पण हे तुझं तू ठरवायचं आहेस.

काहीही केलंस तरी माझा भाऊच राहशील.

अर्झुला


राजधानीचा तुरुंग
२३ जानेवारी १९१०

माझी ताई,

मी जिवंत आहे. आता बाकीचं सांगतो.

ते मंगळवारी दुपारी आले, आम्ही जेवायला बसलो होतो तेव्हा. पाच साहेब आणि चष्मा लावलेला एक हडकुळा कारकून. पेकनच्या झाडाखाली टेबल मांडलं. दोन्ही बराकींतली माणसं अंगणात उभी केली. साहेब हात धूत होते तेवढ्यात कॅप्टन रांगेतून फिरला आणि हळूच म्हणाला, ही मंडळी संध्याकाळच्या गाडीने जाणार, मी इथेच आहे.

पहिल्या पाच जणांना विचारलं. जेवण चांगलं, साहेब. मारत नाहीत, साहेब. पाचवा तर म्हणाला की इथली काकवी त्याला घरच्यापेक्षा आवडते. कॅप्टन हसला. प्रुइटसाहेब कागद आवरायला लागले. त्यांनी टोपणावर बोट ठेवून शाईची दौत बंद केली, ते मला अजून दिसतं.

मी चालायला लागलो. सोटा हातात होता, त्यामुळे शिपायांना वाटलं मी रांग नीट करतोय. कोणी अडवलं नाही. टेबलापाशी गेलो आणि सोटा त्यांच्या कागदांवर आडवा ठेवला.

मी म्हटलं, "साहेब, हा माझा. याने मी ऑगस्टमध्ये प्लेस व्हिटलोचा जबडा मोडला. तो आजारी होता. मी त्याला चार वेळा मारलं. चौथ्यांदा तो पडलेला होता."

कॅप्टन म्हणाला, या माणसाचं डोकं फिरलंय. प्रुइट म्हणाले, "कॅप्टन, तुमची पाळी येईल." मग मला विचारलं, हा तुला कोणी दिला? मी कॅप्टनकडे बोट केलं. ताई, मोडलेल्या बोटाने बोट दाखवता येत नाही, ते तिरकं जातं. म्हणून मी नावही घेतलं. मग पेरिनचं सांगितलं, होझिया ग्राइम्सचं सांगितलं, आणि तेव्हा मी दहा हातांवर उभा राहून बघत होतो हेही सांगितलं.

दुसऱ्या एका साहेबांनी विचारलं, याच्या बोलण्याला दुजोरा देणारा कोणी आहे? कोणी हललं नाही. पेरिन एक नंबरच्या दारात उभा राहून सोटा तळहातावर आपटत होता. तेवढाच आवाज येत होता. मला वाटलं, संपलं. मी एकटाच आहे, आणि मला एकटं पाडायला मीच कारण आहे.

तेव्हा टोब लॅसिटर पुढे आला. साठीचा माणूस, ऑगस्टपासून त्याने माझं तोंड बघितलं नव्हतं. त्याने शर्ट काढला आणि साहेबांकडे पाठ केली. त्या पाठीवर बोट ठेवायला सारखी जागा नाही. मग माझ्या बराकीतला आणखी एक जण आला. मग तिघं एकदम आले. जानेवारीतला वारा सुटला होता आणि माणसं शर्ट काढत होती. दोन नंबरची एकतीस माणसं, ताई. मग एक नंबरची यायला लागली, पेरिनच्या अंगावरून, त्याला खांदा लावून. काकवी आवडते म्हणणाराही परत आला. साहेबांना म्हणाला, मघाशी जे बोललो ते खोडा.

पेरिनचं आपटणं कधी थांबलं ते मला कळलं नाही. तो हडकुळा कारकून उठला, अंगण ओलांडून त्याच्यापुढे गेला आणि नुसता हात पुढे केला. पेरिनने कॅप्टनकडे बघितलं. कॅप्टन आपल्या घोड्याकडे बघत होता. पेरिनने सोटा कारकुनाच्या हातात दिला. सुरीही दिली. ज्याला बघून सत्तेचाळीस माणसं श्वास रोखत, तो हत्यार नसताना किती साधा दिसतो, हे आम्ही सगळ्यांनी एकदमच बघितलं.

टोबने त्यांना होझियाला पुरलेली जागा दाखवली आणि त्यांनी ती खणायला लावली. वहीत उन्हाने मेला लिहिलेल्या माणसाच्या कवटीला दोन ठिकाणी फट होती.

प्रुइटनी शब्द पाळला. संध्याकाळच्या गाडीत बोलणाऱ्या सगळ्यांना घेतलं, त्यासाठी मालाचे दोन डबे जोडायला लावले. टोब माझ्याशेजारी बसला. स्टेशनं मागे पडत होती. बऱ्याच वेळाने तो म्हणाला, "उशीर केलास." मी म्हटलं, हो. मग त्याने अर्धी भाकरी माझ्या मांडीवर ठेवली.

इथे कोठडी लहान आहे, पण आत कोणाच्या हातात काही नाही. काल मी सहा तास सलग झोपलो.

प्लेसला सांग, मी बरोबर मोजलं.

सीफस


गॅल्व्हेस्टन
१२ मे १९१०

माझ्या भावा,

मी हौदात चादरी पिळत होते तेव्हा रेव्हरंड रस्त्यातून पळत आले. त्यांना पळताना या गल्लीत कोणी कधी बघितलं नव्हतं. मला वाटलं कोणी गेलं. त्यांना धाप लागली होती, म्हणून त्यांनी वर्तमानपत्रच माझ्या ओल्या हातांत कोंबलं.

समितीचा अहवाल छापून आला आहे. सरकारकडून कैदी भाड्याने घ्यायचा हॅनरहानचा ठेका गेला. कॅप्टनला काढलं. होझियाच्या खुनाचा खटला पेरिनवर उभा राहणार आहे आणि कॅप्टनवरही, वहीत खोटं लिहिल्याबद्दल. कुठल्याही मळ्यावर यापुढे कैद्याच्या हातात दुसऱ्या कैद्यावर चालवायला हत्यार देता येणार नाही, असा हुकूम निघाला. आणि शेवटी, बारीक अक्षरांत, साक्ष देणाऱ्यांची उरलेली शिक्षा माफ. त्यात तुझं नाव आहे. सी-फ-स रे-नी, एक अक्षर चुकलेलं नाही. मी खाली बसले ती साबणाच्या पाण्यातच बसले.

चर्चमध्ये मी पुन्हा उभी राहिले. गेल्या वर्षी तुमच्यासमोर जे वाचलं ते मला न कळता वाचलं होतं, असं म्हटलं, आणि या वेळी तुझी दोन्ही पत्रं वाचली, मांस खाल्ल्याचं धरून. कुठलीच ओळ गाळली नाही. लुव्हिनिया रडली. मी नाही.

प्लेस मागच्या बाकावर होता. त्याने तुला माफ केलं का ते मी त्याला विचारलेलं नाही, आणि तूही विचारू नकोस. वाटलं तर तो सांगेल, नाही वाटलं तर नाही. त्याच्यापुढे तुझी मान खाली गेली तर जाऊ दे, ते योग्यच आहे. पण तुझ्यासाठी बंदरावर काम त्याने बघितलंय. त्याच्याच टोळीत. एका हाताने उचलता येतील असे गठ्ठे असतात म्हणाला.

तुझी गाडी शनिवारी चारला येते. टोबची बायको तीन जिल्हे ओलांडून आली आहे आणि माझ्या खाटेवर झोपते आहे. होझियाची आई येणार आहे. तिला तुझा हात हातात घ्यायचाय, तेवढ्यासाठी. हॅनरहानवरून आधी सुटलेली अकरा माणसं येणार आहेत. रेव्हरंड म्हणाले, स्टेशनवर गोऱ्या लोकांचीही गर्दी असेल, तेव्हा गाणं जरा हळू आवाजात म्हणू या. मी म्हटलं, रेव्हरंड, एवढ्या एका दिवशी नाही. ते हसले आणि टोपी काढून म्हणाले, बरं, नाही.

तेव्हा फलाटावर उतरल्यावर आम्हाला शोधत बसू नकोस, गाडी थांबायच्या आतच आम्ही ऐकू येऊ. गाणं प्लेस सुरू करणार आहे. जबड्यामुळे त्याचा सूर वाकडा लागतो आणि ते त्याला ठाऊक आहे. तरी पहिली ओळ म्हणायचं त्याने स्वतः मागून घेतलंय.

तुझी ताई,
अर्झुला